जपानी विनोदाकडे जाणारी मराठी वाट

मराठीत विनोदी निबंध रुजवणारे श्रीपाद कृष्ण कोल्हटकर पेशाने वकील होते आणि बुलढाणा जिल्ह्यातल्या जळगाव जामोदला त्यांनी वकिली केली. १९०२ साली ‘विविधज्ञानविस्तारा’त त्यांचा ‘साक्षीदार’ हा लेख आला. पुढे त्यांच्या लेखांतल्या सुदामा, बंडूनाना आणि पांडूतात्या या त्रिकुटाने आपल्या व्रतवैकल्यांची आणि रूढींची अशी काही झडती घेतली की मराठी वाचक स्वतःलाच हसायला शिकला. त्याच सुमारास, १९०५ मध्ये, टोकियोच्या ‘होतोतोगिसु’ या हायकूंच्या मासिकात नात्सुमे सोसेकी यांची ‘मी एक मांजर आहे’ ही कादंबरी येऊ लागली. एका शिक्षकाच्या घरी राहणारे बिननावाचे मांजर घरातल्या शहाण्यासुरत्या मंडळींची बडबड ऐकते आणि त्यांची किंमत करते. सोसेकी लंडनला राहून, इंग्रजी वाङ्मय पचवून आले होते. तरी त्यांच्या विनोदाची चाल राकुगोची, म्हणजे जपानी कथेकऱ्याची आहे. एकाच काळात दोन देशांत घडलेल्या या दोन घटना मराठी अभ्यासकाने शेजारी ठेवून पाहाव्यात, असे मला मनापासून वाटते.

या विषयावरचे बहुतेक लेखन इंग्रजीत आहे. जेसिका मिल्नर डेव्हिस यांनी संपादित केलेला जपानी विनोदावरचा २००६ चा लेखसंग्रह अभ्यासकाने जरूर वाचावा. मात्र इंग्रजी चर्चेत मोजपट्टी पुष्कळदा पाश्चात्त्य असते. हसू का येते, हा हॉब्ज, कांट आणि फ्रॉइड यांचा प्रश्न. त्या पट्टीने मोजले की जपानी माणूस गंभीर ठरतो, कारण बैठकीत तो कोटी करत नाही, भाषणाची सुरुवात विनोदाने करत नाही आणि वरिष्ठाला उपरोधाने टोचत नाही. खरे तर जपानात हसण्याला जागा नेमून दिलेली असते. मद्याच्या बैठकीत, रंगमंचावर, सणाच्या दिवशी तो मोकळा हसतो. यामागुची प्रांतातल्या होफू इथे हसण्याचा एक विधीच आहे आणि त्याची परंपरा ११९९ पासून सांगतात. देवासाठी माणसे मोठमोठ्याने हसतात आणि कुणाला त्यात वावगे वाटत नाही. शिमग्यात काय चालते आणि एरवी काय चालत नाही, हे ज्याला ठाऊक आहे, त्याला हे निराळे समजावून सांगायला नको.

भरतमुनींनी स्मितापासून अतिहसितापर्यंत हास्याचे सहा प्रकार सांगितले आणि ते उत्तम, मध्यम, अधम अशा माणसांना वाटून दिले. कोण कसा हसतो, हा त्यांचा प्रश्न जपानकडे पाहताना कांटच्या प्रश्नापेक्षा जास्त उपयोगी पडतो.

राकुगो म्हणजे एकट्या कलावंताचा खेळ. तो उशीवर गुडघे मोडून बसतो; हाताशी फक्त एक पंखा आणि एक हातरुमाल. ‘तोकि सोबा’ ही गोष्ट घ्या. रात्री एक गिऱ्हाईक फेरीवाल्याकडे सोबा, म्हणजे शेवया, खायला येते. मिटलेल्या पंख्याच्या काड्या होतात, कथेकरी शेवया सुर्रकन ओढतो आणि श्रोत्यांच्या तोंडाला पाणी सुटते. पैसे सोळा मोन. गिऱ्हाईक एकेक नाणे मोजत आठपर्यंत येते आणि मध्येच विचारते, “किती वाजले हो?” फेरीवाला म्हणतो, “नऊ.” लगेच “दहा, अकरा” करत गिऱ्हाईक सोळा पुरे करते. एक नाणे वाचले! हे पाहणारा एक भोळसट दुसऱ्या रात्री तीच युक्ती करायला घाईने, जरा लवकरच येतो. आठ मोजून वेळ विचारतो, तर उत्तर येते, “चार.” मग “पाच, सहा” करत तो चार नाणी जास्तीची देऊन बसतो.

इथे आपण अडखळतो. नऊच्या आधी चार कसे वाजले? एदोच्या, म्हणजे जुन्या टोकियोच्या, घड्याळात मध्यरात्रीला नऊ टोल पडत आणि पुढे आठ, सात असे उतरत चारपर्यंत येऊन पुन्हा नऊ होत. म्हणून मध्यरात्रीच्या आधीचा प्रहर चारचा. एवढे कळले की गोष्ट आपली होते. जपानी विनोदाचा अभ्यास बराचसा अशा घड्याळांचा अभ्यास आहे.

राकुगोचे मूळ बौद्ध प्रवचनांत शोधतात. आन्राकुआन साकुदेन या भिक्षूने १६२३ च्या सुमारास हास्यकथांचा मोठा संग्रह केला आणि त्याला राकुगोचा पूर्वज मानतात. लोणार तालुक्यातल्या बीबीसारख्या गावात सप्ताह बसला की कीर्तनकार उत्तररंगात सासू, सून, सावकार, सगळ्यांचे आवाज एकटाच काढतो. धर्माच्या आसऱ्याने हसवण्याची ही रीत दोन्हीकडे आहे. फरकही ध्यानात ठेवावा. आपला कीर्तनकार हसवून पुन्हा अभंगाकडे वळतो. राकुगोवाला शेवटच्या वाक्याला टोला मारतो, वाकून नमस्कार करतो आणि उठून जातो.

जपानी विनोदाचा दुसरा प्रकार मांझाई; त्यात दोघे लागतात. एक वेडगळ बोलत सुटतो, दुसरा त्याला तिथल्या तिथे झापतो आणि ते झापणे म्हणजेच श्रोत्यांना हसण्याची खूण. ओसाकात १९१२ साली सुरू झालेल्या योशिमोतो संस्थेने हा प्रकार देशभर नेला. गवळणीतला पेंद्या आणि मावशी किंवा वगातला राजा आणि सोंगाड्या यांची जुगलबंदी आठवा. सोंगाड्या मात्र हजरजबाबी असतो, त्या दिवसाच्या राजकारणावर, समोर बसलेल्या पुढाऱ्यावरही तो घसरतो. मांझाईत राजकारणाला तुलनेने कमी जागा आहे. पाश्चात्त्य स्टँडअपमध्ये एकटा माणूस स्वतःची मते घेऊन जगाशी भांडतो. मला सोंगाड्या या दोघांच्या मधल्या वाटेवर उभा दिसतो, आणि म्हणूनच मराठी अभ्यासकाला दोन्हीकडचे दिसू शकते.

दोन्हीकडे जाऊन आलेला विनोदकार आपल्याकडे आहेच: पु. ल. देशपांडे ‘अपूर्वाई’त पश्चिमेला गेले, ‘पूर्वरंग’मध्ये जपानलाही गेले. 

मात्र अशा अभ्यासाला बोललेला विनोद उतरवलेला हवा. १८८४ साली सान्युतेई एन्चो या कथेकऱ्याची ‘बोतान दोरो’ ही कथा लघुलेखकांनी ऐकता ऐकता उतरवून छापली आणि त्या पुस्तकाने जपानी गद्याला बोलीची वाट दाखवली. आपल्या सोंगाड्यांची बतावणी, भारुडातली आयत्या वेळची वाक्ये फारशी कुणी उतरवून ठेवली नाहीत. या क्षेत्रात येणाऱ्या प्रत्येक विद्यार्थ्याला माझी विनंती आहे: जपानी जरूर शिका, पण त्याआधी आपल्या गावच्या भारुडाला वही घेऊन बसा आणि लोक कुठल्या शब्दाला हसले ते तारखेसकट लिहून ठेवा.