पावसाळ्यात पूर, उन्हाळ्यात टँकर: पुण्याच्या उपनगरांत असं का होतं?

जुलैमध्ये पार्किंगमध्ये पाणी आणि एप्रिलमध्ये गेटवर टँकरची रांग. पुण्याच्या कडेला राहणाऱ्या अनेकांना हे दोन्ही अनुभव ओळखीचे आहेत. प्रश्न दोन वाटतात, पण त्यांचं एक मोठं कारण समान आहे: पावसाचं पाणी मुरायला जागा उरलेली नाही.

एक साधा हिशोब

१ हेक्टर, म्हणजे सुमारे अडीच एकरांवर १० मिलिमीटर पाऊस पडला की १ लाख लिटर पाणी होतं. १० हजार लिटरचे तब्बल १० टँकर! तिथे शेत किंवा माळरान असेल, तर यातलं बरंच पाणी मुरतं आणि उरलेलं सावकाश ओढ्याला मिळतं. त्याच जागी इमारती, काँक्रीट आणि पेव्हर ब्लॉक आले, की बहुतेक पाणी लगेच वाहून जातं. पुण्याखाली बेसॉल्टचा कातळ आहे. त्याच्या भेगांतून पाणी खाली उतरलं, तरच विहिरी आणि बोअरवेलना पाणी टिकतं.

ओढ्यांचं काय झालं?

वाहून जाणारं पाणी ओढ्यात येतं. पण भराव, भिंती आणि पाइप टाकून अनेक ओढे अरुंद झाले आहेत. २५ सप्टेंबर २०१९ च्या रात्री कात्रजच्या डोंगराकडून येणाऱ्या आंबिल ओढ्याला पूर आला. त्या रात्रीच्या पावसात पुणे शहर आणि परिसरात २० हून अधिक जणांचा जीव गेला. पाऊस प्रचंड होताच, पण अरुंद पात्र आणि काठापर्यंत आलेली बांधकामं यांमुळे हानी वाढली.

आधी घरं, मग आराखडा

पुणे महापालिकेत २०१७ मध्ये ११ आणि २०२१ मध्ये २३ गावं आली. वाघोली, सूस, म्हाळुंगे ही त्यांतलीच. समावेश होण्याआधीच तिथे टॉवर उभे राहिले होते. क्रम उलटा हवा: आधी ओढे, टेकड्या, रस्ते आणि गटारांची जागा राखायची, मग घरं बांधायची. त्यासाठी १९६६ च्या नगररचना कायद्यात सोय आहे. नगररचना योजनेत अनेकांच्या जमिनी एकत्र करून रस्ते आणि मोकळ्या जागा काढतात व मालकांना नव्याने आखलेले भूखंड परत देतात. बांधकामं झाल्यावर हे फार अवघड होतं.

तुम्ही काय करू शकता?

• घर घेण्याआधी विकास आराखड्यात ओढा, नाला आणि पूररेषा कुठे आहे ते बघा.
• पाणी महापालिकेचं मिळणार की टँकरचं, हे लेखी विचारा.
• राज्यात ५०० चौरस मीटर आणि त्याहून मोठ्या भूखंडावरच्या नव्या बांधकामाला पर्जन्यजल संधारण बंधनकारक आहे. तुमच्या सोसायटीतला शोषखड्डा गाळाने भरलेला नाही ना, हे पावसाळ्याआधी तपासा.

जे पाणी जुलैमध्ये पंप लावून बाहेर काढतो, तेच मुरलं असतं तर एप्रिलमध्ये टँकर कमी लागले असते.