बंदीप्रत्यक्षीकरण याचिका (ठाणे, कल्याण-डोंबिवली)

बेकायदा डांबलेल्या व्यक्तीला न्यायालयापुढे आणावे आणि डांबण्याचा कायदेशीर आधार दाखवावा, यासाठीची याचिका. वकिलांच्या बोलण्यात नुसते ‘हेबियस’. ठाण्याचे जिल्हा किंवा कल्याणचे सत्र न्यायालय हा आदेश देऊ शकत नाही. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली मुंबई उच्च न्यायालय गाठावे लागते. घरात वा गोदामात कोणी कोंडले असेल, तर मात्र स्थानिक दंडाधिकारी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०० खाली झडतीचे वॉरंट काढू शकतो. याचिका बंदिवानाच्या वतीने आई, भाऊ किंवा मित्रही करू शकतो.

व्यक्ती कोणाच्या ताब्यात आहे हे अर्जदाराने प्रथमदर्शनी दाखवायचे. ताबा कायदेशीर असल्याचे सिद्ध करणे ताबा ठेवणाऱ्याचे काम. लेखी आदेशाने झालेली स्थानबद्धता त्यामुळे लढवायला तुलनेने सोपी. ठाणे पोलीस आयुक्तालयाची हद्द ठाणे, भिवंडी, कल्याण, डोंबिवली, उल्हासनगरपर्यंत आहे. तेथील आयुक्तांनी १९८१ च्या ‘एमपीडीए’ या स्थानबद्धतेच्या कायद्याखाली आदेश काढला, तर शासनाची मान्यता बारा दिवसांत मिळायला, स्थानबद्धतेची कारणे पाच दिवसांत कळवायला आणि सल्लागार मंडळाकडे प्रकरण तीन आठवड्यांत जायला हवे. कमाल मुदत बारा महिने. येथे साक्षीदारांपेक्षा तारखा बोलतात: स्थानबद्धाच्या निवेदनावर निर्णय द्यायला उशीर झाला आणि त्याचा खुलासा नसेल, तर आदेश टिकत नाही. कारणे स्थानबद्धाला कळणाऱ्या भाषेत हवीत. नागपूरच्या हरिकिसन प्रकरणात (१९६२) ती फक्त इंग्रजीत दिली म्हणून सर्वोच्च न्यायालयाने सुटकेचा आदेश दिला. मराठी, हिंदी, उर्दू, सिंधी शेजारी नांदणाऱ्या या पट्ट्यात हा मुद्दा नुसता तांत्रिक नाही.

खरी अडचण ‘तो आमच्याकडे नाहीच’ या उत्तराने येते. अटकेची नोंदच नसेल, तर कागदावर बोट ठेवायला जागा राहत नाही. मग स्टेशन डायरी, नेताना पाहणाऱ्यांची प्रतिज्ञापत्रे, मोबाइलचे लोकेशन आणि पोलीस ठाण्यातले सीसीटीव्ही चित्रण यांवर भिस्त. सर्वोच्च न्यायालयाच्या परमवीर सिंग सैनी निकालाने (२०२०) हे चित्रण अठरा महिने जपण्यास सांगितले. साठवणुकीची तशी सोय नसेल तर शक्य तितका काळ, पण एक वर्षापेक्षा कमी नाही. तरी ते राखून ठेवण्याची मागणी पहिल्याच अर्जात करणे शहाणपणाचे. दंडाधिकाऱ्याने रिमांड दिला, की ही याचिका सहसा चालत नाही. रिमांड उघडच अधिकाराबाहेरचा किंवा यांत्रिकपणे दिलेला असल्यास अपवाद. म्हणूनच वकील दंडाधिकाऱ्यापुढे हजर करण्याआधीच्या पहिल्या चोवीस तासांत धावतात.

१९४३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयातून अपिलात गेलेल्या केशव तळपदे प्रकरणात फेडरल न्यायालयाने भारत संरक्षण नियमांतील स्थानबद्धतेचा नियम २६ अवैध ठरवला. सरकारने आठवड्याच्या आत वटहुकूम काढून ती त्रुटी बुजवली. आणीबाणीत, २८ एप्रिल १९७६ रोजी, सर्वोच्च न्यायालयाने बहुमताने हेबियसची दाद बंदच केली. एकटे न्या. एच. आर. खन्ना विरोधात राहिले. बहुमतात न्या. य. वि. चंद्रचूड होते; तो निकाल चुकीचा होता असे खासगीपणाच्या अधिकारावरील २०१७ च्या पुट्टास्वामी प्रकरणात लिहिणारे न्या. धनंजय चंद्रचूड हे त्यांचेच चिरंजीव.