गायरान: अतिक्रमण कुणाचे?

देगलूर-बिलोली भागात गायरान कसणाऱ्या आमच्या माणसाला कागदोपत्री 'अतिक्रमणदार' म्हणतात. जणू ही जमीन आम्ही परवा रात्री बळकावली!

निजामाचे राज्य गेले, पण जमीन पाटील-देशमुखांकडेच राहिली. १९५९ ला दादासाहेब गायकवाडांनी भूमिहीनांचा सत्याग्रह उभारला. ६ डिसेंबर १९६४ पासून तो देशभर पेटला. पडीक आणि गायरान जमिनी भूमिहीनांना द्या, ही त्यातली मुख्य मागणी. १९७८ ला नांदेड जिल्ह्यातल्या टेंभुर्णीत पोचिराम कांबळेंचा खून झाला. तो राग फक्त विद्यापीठाच्या पाटीवरचा होता काय? पाटलाच्या शेतावरून उठून स्वतःचे शेत मागणाऱ्या माणसावरचाही होता, असे आम्ही मानतो.

१४ जानेवारी १९९४ ला नामविस्तार झाला. त्याच महिन्याच्या १ तारखेला मेक्सिकोच्या चियापासमध्ये माया शेतकरी झापाटिस्टांच्या झेंड्याखाली उठले. सरकारने १९९२ ला घटनेचे २७ वे कलम बदलून गावांची सामायिक जमीन विक्रीला मोकळी केली, नवे वाटप थांबवले. मायांनी मळेवाल्यांच्या जमिनी ताब्यात घेतल्या, आपला कारभार आपण चालवला. जग त्यांना क्रांतिकारक म्हणते. आम्हाला मात्र नोटीस!

अधिकारी २०११ च्या जगपालसिंग निकालाकडे बोट दाखवतात. भूमिहीन आणि अनुसूचित जाती-जमातींना सरकारी आदेशाने दिलेल्या जमिनींचा अपवाद त्याच निकालात आहे, तो कुणी वाचत नाही. नोटीस आली असेल तर खुलाशात तो परिच्छेद जोडा, २८ नोव्हेंबर १९९१ चा शासन निर्णय जोडा, आणि आजोबांच्या ट्रंकेतल्या दंडाच्या पावत्याही.