कलंडलेली घागर

नांदेडच्या कोर्टात वकील ‘घटस्फोट’ म्हणतात, हुकूमनाम्यावरही तोच शब्द असतो. देगलूर-उदगीरकडची जुनी माणसं मात्र ‘फारकत झाली’ म्हणतात. दोन्ही शब्दांची कुळं वेगळी.

फारकत मूळची लग्नातली नव्हेच. ‘फारिग’ म्हणजे मोकळा, ‘खत’ म्हणजे लेख. कर्ज फिटलं की सावकार फारखत लिहून द्यायचा, आता तुझंमाझं देणंघेणं नाही म्हणून. फारसी-उर्दू दफ्तरांतला हा कागद बोलीत मुरला. मराठवाड्यावर तर निजामाचा अंमल १९४८ पर्यंत होता. नवराबायकोच्या सुटकेलाही तोच शब्द लागला.

घटस्फोटात हिशेब नाही, सुतक आहे. मनुस्मृतीतला हा विधी नवराबायकोचा नव्हता, पतिताचा होता. ज्याला कुळानं टाकायचं ठरवलं, त्याच्या नावानं नातलगांनी गावाबाहेर जमायचं आणि तो जिवंत असतानाच मेलेल्यासारखं पाणी द्यायचं. भरलेली घागर दासीनं पायानं कलंडवायची. (म्हणजे मनूच्या घागरीचा स्फोट होत नाही, ती लवंडते.) नातलगांनी एक दिवस-रात्र अशौच पाळायचं, मग त्याच्याशी बोलणं बंद, बसणं बंद, वाटा बंद. हा विधी याज्ञवल्क्यस्मृतीतही आहे, आणि तिच्यावरची मिताक्षरा टीका विज्ञानेश्वरानं लिहिली ती लातूर जिल्ह्याजवळच्या कल्याणीत, आजच्या बसवकल्याणात, सहाव्या विक्रमादित्याच्या काळी (१०७६ ते ११२६).

जिवंत माणसाचं सुतक एका दिवसात फिटतं, हे स्मृतिकारांचं गणित मला कधी पटलं नाही. लातूरच्या गंजगोलाईला सोळा रस्ते येऊन मिळतात, तरी पाणी देऊन झालेलं माणूस नेमकं आपल्याच रस्त्यानं समोर येतं.

काडीमोड त्या मानानं साधी. पंचांसमोर काडी मोडायची, दोघं मोकळे. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यानं कलम २९ मध्ये रूढीनं चालत आलेली अशी सुटकाही राखली.

स्मृतींनी परतीची वाटही ठेवली होती. पतित प्रायश्चित्त करून आला की नातलगांनी त्याच्यासोबत तळ्यात अंघोळ करायची आणि नवी घागर पाण्यात सोडायची. आजही घटस्फोट झालेले तेच दोघं पुन्हा एकमेकांशी लग्न करू शकतात, कायद्याची आडकाठी नाही. पण कलंडलेल्या घागरीचा शब्द आपण उचलला, नव्या घागरीला नाव दिलं नाही.