तेरावं झाल्यावर

गंगाखेडला गोदावरीत रक्षा सोडली, तेरावं झालं, की सोयरे आपापल्या गावी जातात. लेकरू गेलेल्या मायचं दुःख मात्र घरातच राहतं.

१९८४ साली महेश भट्ट यांनी यावर ‘सारांश’ हा सिनेमा काढला. सिनेमा हिंदी, पण त्यातलं घर मराठी. मुंबईचे निवृत्त हेडमास्तर प्रधान आणि पार्वतीबाई. त्यांचा एकुलता एक अजय न्यूयॉर्कला लुटारूंच्या हातून मरतो. त्याच्या अस्थी मिळवायलाही बापाला सरकारी कचेरीत भांडावं लागतं. पार्वतीबाईंना वाटतं, भाडेकरू सुजाताच्या पोटी आपला अजयच परत येणार. बायको या आशेत हरवून जाईल, म्हणून प्रधान शेवटी सुजाताला दूर पाठवतात.

हे म्हातारे बाप झालेले अनुपम खेर तेव्हा तिशीच्या आत होते. पार्वतीबाई झालेल्या रोहिणी हट्टंगडी त्याआधी ‘गांधी’ सिनेमात कस्तुरबा झाल्या होत्या.

आपल्या गटातही अशी एखादी माय असते. तिला वाईट वाटेल म्हणून आपण तिच्यासमोर लेकराचं नाव काढत नाही. ती तर मनात रोज ते नाव घेते. पुढच्या बैठकीला तिच्याजवळ बसू. तिची इच्छा असेल तर लेकराची एखादी आठवण विचारू, अन् मधे न बोलता ऐकू.