पडद्यावरील पहिली तारामती

हिंदुस्थानांतील चित्रपटकलेचा इतिहास सांगतांना दादासाहेब फाळके यांचें नांव आरंभीं येतें, आणि तें योग्यच आहे. परंतु ज्या नटांच्या आधारावर दादासाहेबांनीं आपले चित्रपट उभे केले, त्यांपैकीं अण्णा साळुंके यांचें नांव आज थोड्याच लोकांस ठाऊक असतें.

१९१२ सालीं दादासाहेबांनीं मुंबईस दादर येथें ‘राजा हरिश्चंद्र’ या चित्रपटाची सिद्धता आरंभिली. हरिश्चंद्राच्या कामासाठीं दत्तात्रय दामोदर दबके ठरले. रोहिदासाचें काम फाळक्यांचा मुलगा भालचंद्र याजकडे आलें. अडलें तें तारामतीपाशीं. त्या काळीं कुलीन स्त्रियांस रंगभूमीही वर्ज्य होती. मग ही अगदीं नवी कला कोण पतकरणार? वर्तमानपत्रांतून जाहिराती दिल्या, नाचगाण्यावर उपजीविका करणाऱ्या स्त्रियांकडेही विचारणा झाली. पण मनाजोगी तारामती मिळेना. अखेर ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहांत कामास असलेल्या साळुंक्यांचा सडपातळ बांधा व नाजूक हात दादासाहेबांच्या नजरेंत भरले. तेथें त्यांस महिना १० रुपये मिळत. दादासाहेबांनीं १५ देऊं केले, असें सांगतात. त्या पांच रुपयांच्या फरकानें हिंदुस्थानच्या पडद्याला पहिली तारामती लाभली.

३ मे १९१३ रोजीं मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्यें हा चित्रपट लोकांसमोर आला. याच वर्षीं बालगंधर्वांनीं आपली स्वतंत्र नाटकमंडळी स्थापन केली. पुरुषानें स्त्रीवेष घेणें मराठी प्रेक्षकांस नवें नव्हतें. मात्र रंगभूमीवर त्या वेषाला गाण्याची व भाषणाची जोड असे. मूकपटांतील तारामतीला आवाजच नव्हता. राज्य गेलेली राणी, विकली गेलेली पत्नी आणि पुत्रशोकानें व्याकुळ झालेली माता, हीं तिन्ही रूपें केवळ डोळे, हात आणि चाल यांनीं दाखवावयाचीं होतीं. नाट्यशिक्षणाची पूर्वतयारी नसलेल्या माणसास हें काम सोपें नव्हतें.

पुढें ‘मोहिनी भस्मासुर’ या चित्रपटांत दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई या पडद्यावर आल्या. तरीही लोकापवादाचें भय सरलें नाहीं व साळुंक्यांची गरज संपली नाहीं. १९१७ सालच्या ‘लंकादहन’ या चित्रपटांत तर त्यांनीं राम आणि सीता अशा दोन्ही भूमिका एकट्यानेंच केल्या. राम पडद्यावर येतांच प्रेक्षक पायांतील वहाणा काढून ठेवीत, असें वर्णन आढळतें. येथें एक गोष्ट श्रोत्यांच्या ध्यानीं येईल. ज्या समाजानें प्रतिष्ठेपायीं आपल्या लेकीसुनांस कॅमेऱ्यापासून दूर ठेविलें, तोच समाज कालपर्यंत उपाहारगृहांत राबलेल्या माणसाच्या ठायीं राम आणि सीता या दोघांसही पाहत होता.

साळुंके केवळ वेषांतच अडकून राहिले नाहींत. १९१८ सालीं नाशिक येथें हिंदुस्थान फिल्म कंपनी निघाली. तिच्या चित्रपटांसाठीं पुढें त्यांनीं कॅमेराही हातीं घेतला. जो माणूस कॅमेऱ्यापुढें परक्या रूपांत उभा राहिला, तोच त्याच्यामागें उभा राहून इतरांचीं रूपें टिपूं लागला. ही प्रगति त्यांच्या अभिनयाइतकीच लक्षांत ठेवण्याजोगी आहे.

१९३२ सालीं प्रभात कंपनीनें हरिश्चंद्राचीच कथा ‘अयोध्येचा राजा’ या बोलपटांत सांगितली. तींत तारामती झाल्या प्रतिष्ठित घराण्यांतील दुर्गाबाई खोटे. एकोणीस वर्षांत तारामतीची भूमिका पुरुषाकडून स्त्रीकडे, मौनाकडून वाणीकडे आली. हा पालट घडावयाचा, तर आधीं ती भूमिका कोणीतरी पडद्यावर उभी करणें अवश्य होतें. स्त्रियांस दार मोकळें होईपर्यंत तें स्थान साळुंक्यांनीं सांभाळिलें. म्हणून दुर्गाबाईंच्या तारामतीचा गौरव करतांना त्या पहिल्या, मूक तारामतीचेंही स्मरण ठेवणें उचित होय.