घटिकापात्र

कालमापनाचे प्राचीन जलयंत्र. ‘सूर्यसिद्धान्ता’त यास कपालयंत्र म्हटले आहे. तांब्याची अर्धगोल वाटी आणि तिच्या तळाशी बारीक छिद्र, एवढीच याची रचना. पाण्यावर सोडली की वाटी हळूहळू भरते व २४ मिनिटांनी, म्हणजे एका घटिकेने, बुडते. अहोरात्रात ६० वेळा. सारी अचूकता छिद्रात असते. गाळाचा कण अडकला तरी गणित बिघडते, म्हणून पाणी स्वच्छच हवे. महाराष्ट्रात लग्नघरी पाण्याने भरलेल्या घंगाळात पूजा करून घटिका स्थापन करीत. जोशी ती किती वेळा बुडाली हे मोजून मुहूर्त साधत. मोजमापाचे साधनच देवासारखे पूजले जावे, हे फार सुंदर आहे. गणिती भास्कराचार्यांची कन्या लीलावती हिच्या लग्नात घटिकापात्रात मोती अडकून मुहूर्त टळल्याची दंतकथा त्यांच्या ‘लीलावती’ ग्रंथाच्या फैजीने केलेल्या फारसी भाषांतरात (१५८७) आढळते.